विष्णुक्रांत मोजताना : एका माळाच्या नोंदी

काम काय ते आधी सांगते. पुरंदर तालुक्यातल्या एका माळावर विष्णुक्रांत, म्हणजे जमिनीवर पसरणारी बारक्या निळ्या फुलांची वनस्पती, कुठे कुठे येते, कुठे येत नाही, आणि का, हे एक पावसाळा मोजायचं ठरवलं होतं. त्याचा दीड पावसाळा झाला. सोबत घरच्या गच्चीत बियांपासून ती उगवते का तेही बघायचं होतं. मी वनस्पतीशास्त्र शिकलेली नाही, नोकरी करून रविवारी जाते. असं कुणाला आपल्या गावच्या माळावर करायचं असेल तर माझे वाया गेलेले रविवार तरी वाचावेत म्हणून हे लिहून ठेवतेय. माळ नेमका कुठला ते सांगणार नाही, कारण पुढे येईलच.

७ जुलै २०२४, रविवार

पालखी पुढे गेल्यामुळे दिवे घाट मोकळा होता, पुण्यातून निघायलाच उशीर झाला तरी साडेतीनला माळावर. गेल्या वर्षी इथेच बघितलेली निळी फुलं शोधत दोन तास फिरले, एकही दिसलं नाही. वहीत लिहिलं 'अजून फुलोरा नाही, झाडं पण दिसत नाहीत'. केना मात्र बांधाच्या कडेला भरपूर, पण तो वेगळा, दोन मोठ्या निळ्या पाकळ्या असतात आणि तिसरी अगदी बारकी, ओल धरणारी माती त्याला लागते.

२१ जुलै २०२४, रविवार

परत दुपारी गेले, परत काही नाही. परत लिहिलं 'नाही'. पेट्रोल दोन्ही वेळचं मिळून ४०० च्या आसपास.

२८ जुलै २०२४, रविवार

आज भाऊ सोबत होता आणि त्याला दुपारी परत यायचं होतं म्हणून नाइलाजाने पहाटे निघालो, पावणेआठला वर. आणि ज्या मुरमावर मी दोन रविवार बूट घासत फिरले तिथेच फुलं! जमिनीला चिकटून, नखाएवढी, आभाळाचा तुकडा पडल्यासारखी निळी, मधे पांढरट. मी वाकून बसलेच.

मग तिथेच थांबून राहिलो बघायला. साडेबाराच्या सुमाराला पाकळ्या मिटायला लागल्या, दीडपर्यंत बहुतेक फुलं गोळा होऊन बसली होती, आणि फूल मिटलं की राखाडी-हिरवी लोकरीसारखी पानं मुरमात अशी मिसळतात की पायाखाली असलं तरी कळत नाही. म्हणजे माझ्या आधीच्या दोन 'नाही' नोंदींना काही अर्थ नाही. त्या खोडल्या नाहीत, पुढे 'दुपारी गेले होते, धरू नये' असं लिहिलं.

पुढच्यासाठी नियम: सकाळी आठ ते साडेअकरा एवढंच मोजायचं. ढगाळ असेल तर फुलं उशिरा उघडतात, तेव्हा नऊनंतर.

४ ऑगस्ट २०२४, रविवार

आज ओळख पक्की करण्याचं काम. दहापट दाखवणारं भिंग घेतलं, ३५० रुपये, आणि आत्तापर्यंतच्या खर्चातला हा सगळ्यात सत्कारणी लागलेला खर्च. विष्णुक्रांत म्हणजे इव्हॉल्व्ह्युलस अल्सिनॉइडिस, गारवेलीच्या कुळातली, पण वेल नाही. कशालाही गुंडाळत नाही, नुसती जमिनीवर पसरते, आणि नावातच ते आहे, इव्हॉल्व्ह्युलस म्हणजे न गुंडाळलेली. वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने १७५३ मधे तिला कॉन्व्होल्व्ह्युलस या तिच्या कुळातल्याच दुसऱ्या प्रजातीत घातली होती आणि १७६२ मधे बाहेर काढून हे नाव दिलं.

खात्री कशी करायची तर फुलात भिंगातून बघा. मधोमध दोन बारीक दांडे निघतात आणि प्रत्येकाला पुढे दोन फाटे, म्हणजे एकूण चार टोकं दिसतात. कॉन्व्होल्व्ह्युलसमधे एकच दांडा असतो आणि त्याला दोन टोकं. हे महत्त्वाचं अशासाठी की आयुर्वेदातल्या 'शंखपुष्पी' या एका नावाखाली निदान चार वेगळ्या वनस्पती वापरल्या जातात, विष्णुक्रांत त्यातली एक, कॉन्व्होल्व्ह्युलसमधली एक, आणि आपली कुंपणावरची गोकर्ण पण. गोकर्णीलाच विष्णुक्रांता म्हणणारेही आहेत. त्यामुळे कुणाला नुसतं नावावरून विचारू नका, फोटो किंवा झाड दाखवून विचारा. केरळात जी दशपुष्पं मानतात त्यात मात्र विष्णुक्रांत म्हणजे हीच.

माळावरची बाकीची निळी मंडळी पण वहीत टिपली: आभाळी, तिच्या फुलातल्या तंतूंवर केसांचा झुपका असतो, आणि छोटा कल्पा, त्याचं फिकट निळं फूल मान खाली घालून असतं. दोन्ही एकदा जवळून बघितली की परत चुकत नाही.

११ ऑगस्ट २०२४, रविवार

मोजणीची चौकट केली. एक मीटर बाय एक मीटर, अर्ध्या इंची पीव्हीसी पाईप आणि चार एल्बो, २१० रुपये, आणि पाईप चिकटवायचं सोल्युशन ६० रुपये. सोल्युशन लावलं ही चूक. एकतर ती अख्खी चौकट ॲक्टिव्हावर धरून घाटातून नेणं म्हणजे मागे बसलेल्या भावाची परीक्षाच होती, वारा लागून दोनदा थांबावं लागलं. दुसरं, माळावर गवत गुडघ्याएवढं झालं होतं. वरून चौकट ठेवली की गवत आडवं पडतं आणि खालची बारकी विष्णुक्रांत त्याखाली झाकली जाते. जिथे तीन झाडं होती तिथे चौकट ठेवल्यावर मला एकच दिसलं.

घरी येऊन एल्बोच्या जवळ हॅक्सॉने कापली. आता तीनच बाजू पाईपच्या, सोल्युशन न लावता नुसत्या दाबून बसवलेल्या, चौथी बाजू सुतळी. गवताच्या बुडाशी आडवी सरकवायची आणि मग सुतळी बांधायची. सुटी करून पाठीवर बांधून नेता येते. पाईपचे दोन तुकडे छोटे झाल्यामुळे नवीन घ्यावे लागले, अजून ७० रुपये.

१८ ऑगस्ट २०२४, रविवार

पहिली मोजणी, आणि ही पूर्ण फुकट गेली.

तीन जागा ठरवल्या होत्या. माथा: उघडा मुरूम, गवत बोटभर, मेंढरांची वाट इथूनच जाते. उतार: कुसळी आणि पवन्या, दाट. चर: पूर्वी कधीतरी समपातळी चर खोदून गिरीपुष्प लावलंय तो पट्टा, गिरीपुष्प आता डोक्यावर गेलंय. प्रत्येक ठिकाणी दहा चौकटी.

माथ्यावर दहा चौकटींत ४१ झाडं लिहिली. मग दहावी चौकट आवरताना एक फांदी हाताला लागली, तिच्या मागे मागे बोट नेलं तर ती आणि बाजूच्या चार 'झाडं' म्हणून मोजलेल्या फांद्या सगळ्या एकाच मुळातून आलेल्या. एका जाड, लाकडासारख्या मुळातून चारही बाजूंना तारेसारख्या फांद्या निघतात आणि गवताखालून जाऊन दुसरीकडे डोकं वर काढतात. परत मागे जाऊन जेवढ्या चौकटींच्या जागा आठवत होत्या तेवढ्या तपासल्या, नऊ झाडं भरली.

दुसरं भावाने दाखवलं. तो म्हणाला, 'ताई, तू फूल दिसतं तिथेच चौकट टाकतेयस.' खरं होतं. फूल दिसलं की पाय आपोआप तिकडे वळत होते. अशी मोजणी केली तर माळभर सगळीकडे विष्णुक्रांतच आहे असंच निघणार.

तीन तास गेले. आकडे काट मारून ठेवले.

२५ ऑगस्ट २०२४, रविवार

चिठ्ठ्या केल्या. ५ ते ४० असे आकडे लिहून डब्यात घातले, एक चिठ्ठी काढायची, तेवढी पावलं सरळ चालायची, नजर समोरच्या बाभळीवर, खाली बघायचं नाही, आणि थांबल्यावर उजव्या पायाच्या अंगठ्याला चौकटीचा कोपरा. काटा असो, दगड असो, तिथेच. झाड म्हणजे मूळ. मूळ चौकटीत असेल तरच मोजायचं, फांदी बाहेरून आत आली असेल तर नाही.

माथा: दहापैकी सात चौकटींत होती, एकूण १६ झाडं. उतार: दहापैकी दोन चौकटींत, ३ झाडं, आणि दोन्ही चौकटी पायवाटेला लागून. चर: शून्य.

चराच्या पट्ट्यात शून्य येईल असं मला वाटलं नव्हतं. तिथली माती माळावरची सगळ्यात चांगली आहे, पाणी मुरतं, पाला कुजलाय, ओल आहे. मी तर उलट तिथे जास्त येईल असं धरून चालले होते. फुलं मिटलेली असतील म्हणून सव्वानऊला परत एकदा सगळ्या दहा जागा बघितल्या, तरी शून्य. उन्हाचा कवडसा पण धड खाली येत नाही तिथे.

१ सप्टेंबर २०२४, रविवार

फोटोंचा दिवस. मोबाईलमधे फूल जांभळं येतं. डोळ्याला निळं, स्क्रीनवर जांभळं, आणि ऊन कडक असेल तर पांढरंच. अर्धा दिवस सेटिंग बदलण्यात गेला. शेवटी जमलं ते असं: काळी छत्री धरून फुलावर सावली करायची, बाजूला पांढरा कागद ठेवून त्यावर व्हाईट बॅलन्स लावायचा, मग कागद काढून फोटो. तरी थोडा फरक राहतोच, म्हणून आता वहीत रंग डोळ्याने बघून लिहिते. शेजारी शाळेची पट्टी ठेवली, फूल सात-आठ मिलिमीटरचं भरतंय.

फोटो आयनॅचरलिस्टवर (झाडं-प्राण्यांच्या नोंदी नकाशावर टाकायचं ॲप) टाकले आणि इथे मोठी चूक केली. लोकेशन उघडं ठेवलं. चार दिवसांनी लक्षात आलं की नकाशावर माझा माळ टिंबाटिंबाने दिसतोय. शंखपुष्पी म्हणून ही मुळासकट उपटून नेतात, आणि मुळासकट गेली की संपलंच. लगेच सगळ्या नोंदी 'ऑब्स्क्युअर्ड' केल्या, त्यात खरा बिंदू न दाखवता अंदाजे २० किलोमीटरच्या चौकोनात कुठेतरी टिंब टाकतात. ही सेटिंग आधी करा, मग फोटो चढवा.

ॲपने पहिल्यांदा सुचवलेलं नाव पण चुकीचं होतं, बागेतल्या जातीचं. त्याबद्दल पुढे.

१५ सप्टेंबर २०२४, रविवार

गणपतीत एक रविवार गेला, आज पुन्हा. चौकटींच्या जागा पुढच्या वर्षी सापडायला हव्यात. मोबाईलचं जीपीएस उघड्यावर पण चार-पाच मीटर इकडेतिकडे दाखवतं, आणि माझी चौकट एक मीटरची, म्हणजे काही उपयोग नाही. म्हणून प्रत्येक चौकटीच्या एका कोपऱ्यात सहा इंची खिळा, वर लाल वॉशर, असे ठोकत होते. ३० खिळे, २४० रुपये. बारा ठोकून झाले तेव्हा मेंढरं घेऊन एक मेंढपाळ मामा आले. बराच वेळ बघत उभे राहिले, मग म्हणाले, 'बाई, मेंढराच्या खुरात जाईल की हे. खूर फुटलं तर जनावर बसतंय.'

मला हे सुचायला हवं होतं. सगळे बारा खिळे तिथेच उपटले, मामांनी दोन शोधून दिले. मग त्यांनीच सांगितलं की दगड पुरा, बांधाला पुरतात तसे, अर्धा आत. मोठे दगड अर्धे पुरले, वर पिवळा ऑइलपेंट, आणि प्रत्येक दगड बाभळीपासून किती पावलं आणि कुठल्या दिशेला ते वहीत. ३० दगडांना दोन रविवार गेले.

मामांना फूल दाखवलं. त्यांच्याकडे ह्याला नाव नाही. पण म्हणाले, 'जिथं मेंढरं बसत्यात तिथं हाय हे, गवतात नाय.' मी चिठ्ठ्या आणि चौकटी घेऊन सहा रविवारांत जे काढलं ते त्यांनी चालता चालता सांगितलं. त्यांचं वाक्य त्यांच्या शब्दांत वहीत लिहून ठेवलंय.

६ ऑक्टोबर २०२४, रविवार

गच्चीसाठी म्हणून आज माथ्यावरून तीन झाडं खणून आणली. हे करू नका. मूळ सरळ खाली मुरमात जातं, खुरप्याने अर्ध्यावर तुटलं, तिन्हीचं. वरून एवढंसं दिसणारं झाड खाली हातभर असेल याचा अंदाज नव्हता. कुंडीत लावली, चौथ्या दिवशी काळी पडली. तीन झाडं माझ्या हातून गेली, आणि मोजणीच्या आकड्यात त्याची नोंद करणं भाग आहे, म्हणून इथे लिहिते.

१३ ऑक्टोबर २०२४, रविवार

एका नर्सरीत 'विष्णुक्रांत' म्हणून रोप मिळालं, ८० रुपये. फूल जवळजवळ दोन सेंटिमीटरचं, झुडूप फुगीर, पानं मोठी. भिंगाने बघितलं तर चार टोकं आहेत, म्हणजे इव्हॉल्व्ह्युलसच, पण आपली नाही. ही इव्हॉल्व्ह्युलस ग्लोमेरॅटस, मूळची ब्राझीलकडची, बागांमधे ब्लू डेझ नावाने लावतात. ॲपने सुचवलेलं नाव हेच होतं. विकणाऱ्याने मुद्दाम फसवलं असं मला वाटत नाही, त्यालाही तेच नाव सांगून विकलं असणार. रोप सुंदर आहे, गच्चीत राहू दे, पण ते माळावर नेऊन लावायचं नाही हे पक्कं. 'विष्णुक्रांत लावा' म्हणून कुणी मोहीम काढली तर रोपं कुठली आहेत ते आधी बघा.

२७ ऑक्टोबर २०२४, रविवार

बिया. बोंड म्हणजे वाटाण्यापेक्षा खूप लहान, गोल, वाळलं की चार भागांत फुटतं, आत जास्तीत जास्त चार बिया. गेल्या आठवड्यात हिरवी बोंडं तोडून घरी वाळवली होती, आतल्या बिया सुरकुतून पांढऱ्याच राहिल्या, वाया. आज फक्त कागदासारखी तपकिरी झालेली घेतली, २४ बोंडं, ८४ बिया. एका झाडावरून दोनच बोंडं, बाकी तिथेच.

फुटायच्या आत पकडायची म्हणून काही झाडांना जाळीच्या छोट्या पिशव्या बांधल्या होत्या, सगळ्या मेंढरांच्या पायात गेल्या. सकाळी लवकर जाऊन हाताने वेचणं हेच बरं पडलं.

हा माळ गावाचा आहे, मी विचारून घेतलं. मयूरेश्वरसारख्या अभयारण्यातला माळ असेल तर तिथे बी पण उचलायचं नाही, नुसतं बघायचं.

आणि कुसळी आता पिकलीय. मोज्यात, सलवारीत, बोटात कुसळं. परत येऊन ती काढण्यात दीड तास गेला. ऑक्टोबरनंतर जाणाऱ्यांनी जाड जीन्स आणि गमबूट घाला, मोजे तर नकोच.

२४ नोव्हेंबर २०२४, रविवार

२४ बिया पेरल्या. मिश्रण आपलं नेहमीचं, कोकोपीट, शेणखत, माती.

२९ डिसेंबर २०२४, रविवार

पाच आठवडे झाले, एकही नाही. मिश्रण चाळून बघितलं, १७ बिया जशाच्या तशा सापडल्या, काळसर, खड्यासारख्या कडक. पाणी आतच गेलेलं नाही. ह्या कुळात बीचं कवच पाणी आत घेत नाही, ते कुठेतरी खरवडलं जावं लागतं, हे मला नंतर कळलं. माळावर मुरमात घासून, उन्हाने, पायाखाली येऊन ते होत असणार. मी मऊ गादीवर ठेवून वाट बघत बसले होते.

२३ फेब्रुवारी २०२५, रविवार

थंडी गेली. उरलेल्या ६० बियांचे तीन भाग. २० तशाच. २० पॉलिशपेपरच्या दोन तुकड्यांमधे हलक्या हाताने चोळलेल्या, चकाकी जाईपर्यंत. २० उकळतं पाणी ओतून थंड होईपर्यंत तशाच ठेवलेल्या.

ह्या वेळी मातीत शेणखत नाही, कोकोपीट नाही. माळाखालच्या रस्त्याकडेचा मुरूम चाळून, तीन भाग मुरूम आणि एक भाग तिथलीच माती. कुंड्यांऐवजी एक लिटरच्या पाण्याच्या बाटल्या वरून कापून, बुडाला भोकं, मुळाला खोली मिळावी म्हणून. खर्च फक्त पॉलिशपेपरचा, १५ रुपये.

१६ मार्च २०२५, रविवार

तशाच ठेवलेल्या: २. पॉलिशपेपर: ११. उकळतं पाणी: शून्य, त्या शिजल्या. गरम पाणी करायचंच असेल तर उकळी उतरल्यावर आणि थोडाच वेळ, असं पुढे करून बघेन, पण पॉलिशपेपर एवढा चांगला चालतोय की गरजच वाटत नाही. कोवळी रोपं बघण्यासारखी आहेत, दोन दळं आणि मग पहिलं पान, त्यावर आत्तापासूनच चंदेरी लव.

१३ पैकी ४ रोपं जुन्या शेणखताच्या मिश्रणात हलवली, फक्त बघायला.

२७ एप्रिल २०२५, रविवार

शेणखतातली चार रोपं दुप्पट उंच, हिरवीगार, लव कमी. मुरमातली नऊ बारकी, राखाडी, जमिनीला चिकटलेली. आई म्हणाली, 'ही बघ कशी छान झालीत, त्या बिचाऱ्यांना पण घाल थोडं खत.' मोह मलाही झाला होता. घातलं नाही.

१ जून २०२५, रविवार

ह्या वर्षी पाऊस मे मधेच आला, आणि आला तो थांबेनाच. गच्चीवरून बाटल्या आत घ्यायला मी दोन दिवस उशीर केला. शेणखतातली चारही गेली, खोड मातीच्या रेषेशी मऊ होऊन आडवी पडली. मुरमातल्या नवापैकी सात आहेत, दोन बाटल्यांची भोकं बुजली होती म्हणून तिथे पाणी साचलं. भोकं आता तापवलेल्या खिळ्याने मोठी केली, तेच परत आणलेले खिळे.

२० जुलै २०२५, रविवार

गच्चीत सकाळी आठ वाजता पहिलं फूल. सात मिलिमीटर. आई चहा तसाच ठेवून बघत बसली, साडेबाराला ते मिटेपर्यंत तिने मला तीनदा बोलावलं.

२४ ऑगस्ट २०२५, रविवार

गेल्या वर्षीच्याच चौकटी परत. ३० पैकी २३ दगड सापडले. ऑइलपेंट निम्म्या दगडांवरून उडालाय, पण बाभळीपासूनच्या पावलांमुळे जागा लागल्या. पुढच्या वेळी नुसत्या रंगावर न राहता छिन्नीने खूण करेन. चार दगड उताराच्या गवतात कुठेतरी आहेत, अर्धा तास शोधून सोडून दिले. माथ्यावरचे तीन दगड मात्र हरवलेले नाहीत, ती जमीनच राहिलेली नाही. माथ्याच्या पूर्वेकडून जेसीबीने मुरूम उचललाय, साधारण दोन बसगाड्या राहतील एवढा खड्डा, आणि तीन चौकटी त्यात गेल्या. गेल्या वर्षीच्या १६ पैकी पाच झाडं तिथे होती. कुणी नेला ते मला माहीत नाही, मामांनाही नाही. रस्त्याला भर म्हणून नेला असेल.

उरलेल्या सात चौकटींत गेल्या वर्षी ११ होती, ह्या वर्षी ९. लवकरच्या पावसाने माथ्यावरसुद्धा गवत वर आलंय, आणि मामा सांगत होते की चारा खालीच भरपूर असल्यामुळे मेंढरं इकडे कमी आली. चराच्या पट्ट्यात ह्याही वर्षी शून्य.

खड्ड्याच्या कडेने फिरून बघितलं. आत नुसता कातळ लागलाय, तिथे काही नाही. पण खड्ड्याच्या पलीकडे जुनी गाडीवाट आहे, बैलगाड्या बंद झाल्यापासून मोडलेली, मी तिथे कधी मोजलंच नव्हतं. तिच्या दोन्ही चाकोऱ्यांमधे, जिथे मुरूम दाबला जाऊन गवत धड येत नाही, तिथे निळी रांग लागली होती, वळणापर्यंत. चिठ्ठ्यांचा डबा बॅगेतच होता, पण साडेअकरा वाजून गेले होते आणि कडेची फुलं मिटायला लागली होती.

३१ ऑगस्ट २०२५, रविवार

गाडीवाटेवर दहा नवीन चौकटी, चिठ्ठ्या काढूनच. दहापैकी नऊत आहे, एकूण २७ झाडं. दगड पुरले, मामांच्या नातवाने छिन्नीने त्यांवर आकडे कोरून दिले. सरपंचांना भेटून वाट कुठून जाते ते नकाशावर दाखवलं आणि तिथून मुरूम उचलू देऊ नका अशी लेखी विनंती दिली, पोच घेतली आहे. गच्चीतली सात रोपं गच्चीतच राहतील. त्यांना बोंडं धरलीत, ती पिकली की पॉलिशपेपर आहेच.